गाणारीने सूत्रसंचालन स्वीकारावं का?

नौपाड्याची: मी सुगम संगीत गाते. गडकरी रंगायतनच्या कार्यक्रमांत हल्ली निवेदनही माझ्याकडेच येतं. आता एका वाहिनीकडून सूत्रसंचालनाची विचारणा झालीय. गाणं मागे पडेल का, याची धास्ती वाटते.

वाशीकर: ताई, बिनधास्त हो म्हणा! सोनू निगम १९९५ मध्ये टीव्हीवरच्या ‘सा रे ग म’च्या सूत्रसंचालनातून घराघरांत पोचला आणि त्याचं पार्श्वगायन त्यानंतरच खरं बहरलं. पुढे शाननेही तोच कार्यक्रम सांभाळला. गायक अवधूत गुप्ते तर ‘खुपते तिथे गुप्ते’मध्ये भल्याभल्यांना थेट प्रश्न विचारायचा. २०२३ मध्ये तो कार्यक्रम परत आला, तेव्हा आमच्या घरी सगळे टीव्हीसमोर.

कोपरीची: मी सेटवर काम केलंय. कानात इअरपीस, त्यात दिग्दर्शकाच्या सूचना चालू, आणि तुम्ही हसतमुखाने बोलत राहायचं. रात्रीपर्यंत चढ्या आवाजात बोललात की दुसऱ्या दिवशी तार षड्ज, म्हणजे वरचा सा, लागत नाही. रियाज सकाळीच उरका, चित्रीकरणात मधेमधे कोमट पाणी घ्या. मैफलींच्या तारखा करारात लिहून घ्याच, तोंडी शब्दावर राहू नका.

नौपाड्याची: डिसेंबरच्या तारखा दिलेल्या आहेत. त्या करारात आल्या तरच सही करते.