झानेले या झुलू नावाचा अर्थ आणि चैत्रगौरीचं हळदीकुंकू

शुभा_दांडियाबाजार

नमस्कार मंडळी. आमच्या वरच्या खोलीत गेल्या जूनपासून दक्षिण आफ्रिकेची एक मुलगी भाड्याने राहते. डर्बनच्या उत्तरेला कुठेसं तिचं गाव आहे, तिकडच्या झुलू समाजातली आहे. इथे बडोद्यात सयाजीराव विद्यापीठात शिकते. नाव झानेले. फार गुणी पोर. मी ओट्यावर भाजी निवडत बसले असले की जिना उतरताना थांबून दोन शब्द बोलल्याशिवाय पुढे जात नाही. वाटीत काही दिलं तर दोन्ही हात पुढे करून घेते. फक्त बोलताना नजर खाली असते. बुजते म्हणावं, तर मैत्रिणींबरोबर चांगली खळखळून हसते.

तर आता मुद्द्याचं. शेजारच्या वहिनींच्या मुलाने मोबाइलवर शोधून सांगितलं की झानेले म्हणजे ‘पुरे झाल्या’, मुली पुरे झाल्या. तेव्हापासून माझा जीव थाऱ्यावर नाही. माझ्या सासूबाईंच्या धाकट्या बहिणीचं नाव नकोशी होतं. लग्नात तांदळावर अंगठीने शकुंतला लिहिलं आणि सासरी ती शकुंतला झाली, पण माहेरच्यांच्या तोंडी शेवटपर्यंत ‘नकू’च. तिला ते नाव कसं लागायचं हे मी डोळ्यांनी पाहिलंय. माहेरून पत्र आलं की ती आधी वरचं नाव वाचायची आणि मग पत्र तसंच घडी करून फडताळात ठेवायची.

झानेलेला मला चैत्रगौरीच्या हळदीकुंकवाला बोलवायचं आहे. पंधरा-वीस बायका येतील. नाव ऐकलं की पुढचा प्रश्न ‘अर्थ काय गं?’ हाच असणार. एक मावशी म्हणाल्या, ‘सरळ जान्हवी म्हणून ओळख करून दे, उच्चारायलाही सोपं.’ मला ते पटत नाही, पण दुसरं काही सुचतही नाही. त्यांच्यात हे नाव खरंच आपल्या नकोशीसारखं आहे का? तिला विचारलं तर तिला वाईट वाटेल का? कोणी तिकडे राहिलेलं असेल तर कृपा करून सांगा.

जुना_नाताळकर

शुभाताई, मी तिकडच्या नाताळ प्रांतात, उत्तर किनाऱ्यावर, क्वाडुकुझा गावाजवळ एका साखर कारखान्यात बरीच वर्षं नोकरी केली. आता निजामपुऱ्यात असतो. तुमचा प्रश्न वाचून राहवलं नाही, म्हणून सविस्तर लिहितो.

पहिली गोष्ट, जान्हवी अजिबात म्हणू नका. यात फक्त उच्चाराच्या सोयीचा प्रश्न नाही. मिशनच्या शाळांत आणि गोऱ्यांच्या घरी-कचेरीत तिकडच्या माणसांना पिढ्यान्‌पिढ्या हेच ऐकावं लागलं: तुझं नाव आम्हाला जमत नाही, तू आजपासून मेरी, तू जॉन. मंडेला खोसा होते, झुलू नव्हेत, पण या दोघी सख्ख्या शेजारभाषा आणि चालही तीच. त्यांचं घरचं नाव रोलिह्लाह्ला. शाळेच्या पहिल्याच दिवशी बाईंनी ‘नेल्सन’ ठेवून दिलं. आमच्या कारखान्यातल्या जुन्या माणसांना दोन-दोन नावं असायची, एक घरचं आणि एक शाळेचं. हजेरीपटावर शाळेचं. पण एखादा आजारी पडला आणि आपण घरी भेटायला गेलो, तर शाळेच्या नावाने विचारल्यावर दारातली म्हातारी ‘असं कोणी इथे राहत नाही’ म्हणायची. आजची मुलं घरचंच नाव अभिमानाने लावतात. ते तुमच्या दिवाणखान्यात पुन्हा बदलू नका.

आता अर्थ. झुलूत मुलगी म्हणजे इंटोंबी, अनेक असल्या की इझिंटोंबी. ‘झानेले’ म्हणजे ‘(त्या) पुरेशा झाल्या’. पूर्ण नाव बहुधा न्टोंबीझानेले असतं, त्याचं हे छोटं रूप. मोबाइलने सांगितलेलं खोटं नाही. पण त्यांच्याकडे नाव म्हणजे बहुतेक वेळा एक अख्खं वाक्य असतं. ते वाक्य घरातलं कोणी तरी कोणाला तरी उद्देशून बोललेलं असतं, आणि बोलणं नेहमी बाळाशीच असतं असं नाही.

लिंडीवे म्हणजे जिची वाट पाहिली ती. सिबोंगिले, आम्ही आभारी आहोत. न्टोंबीफुथी, पुन्हा मुलगी. झोद्वा, नुसत्या मुलीच. घरात मृत्यू झाल्यावर जन्मलेल्या मुलीला डुडुझिले म्हणतात, म्हणजे सांत्वन झालं. आमच्या भांडारात एक डुडुझिले होती. तिची आई कोणाच्या जाण्याने कोलमडली होती हे कोणालाही विचारायची गरज पडली नाही, नावातच होतं. पावसात जन्मली ती नोमवुला, रविवारी जन्मली ती नोमासोंटो. हे पुढचं ‘नो’ बायकांच्या नावात फार येतं. क्वाडुकुझाच्या शेजारच्या ग्राउटविलमध्ये राहणारे आल्बर्ट लुथुली, ज्यांना १९६० सालचं शांततेचं नोबेल मिळालं, त्यांचं झुलू नाव म्वुंबी, म्हणजे संततधार.

शेजाऱ्याशी किंवा भाऊबंदांशी बिनसलं असेल तर तेही नावात उतरतं. पोराच्या नावात उतरतं, एवढंच काय, कुत्र्याच्याही नावात. संध्याकाळी दारात उभं राहून कुत्र्याला हाक मारायची आणि कुंपणापलीकडच्याने काय समजायचं ते समजायचं. आपलं लेकी बोले सुने लागे, हुबेहूब. झुलूंचं राज्य उभं करणाऱ्या खुद्द शाका राजाच्या नावाची गोष्ट हीच सांगतात. त्याची आई नांडी, या नावात गोडवा आहे, लग्नाआधी गरोदर राहिली तेव्हा पोराच्या बापाकडच्यांनी निरोप धाडला म्हणे, की पोटात पोर कुठलं, ‘इशाका’ नावाचा पोटातला किडा असेल. मुलगा झाला आणि आईने तेच नाव ठेवलं. आज क्वाडुकुझाला भर गावात त्याचं स्मारक आहे आणि त्या नावाला अख्खा मुलूख मान देतो.

आणखी एक फरक. तिकडे लग्नात मुलीच्या बापाच्या घरी गुरं येतात, त्याला इलोबोलो म्हणतात. इंग्रज अधिकारी शेपस्टोनने १८६९ मध्ये सामान्य घरासाठी दहा गुरांचा आकडा ठरवून दिला, आणि त्याशिवाय आईच्या मानाची अकरावी गाय असते. आता बहुतेक पैशात देतात, पण बोलणी अजून गायींतच चालतात. तेव्हा हुंड्याच्या धास्तीने निघालेलं हे ‘पुरे’ नव्हे.

राहिली खाली नजर. ती बुजत नाही हो. मोठ्यांच्या डोळ्याला डोळा भिडवणं त्यांच्या रीतीत उद्धटपणा, आणि दोन्ही हातांनी घेणं हा मान. जमलेल्या बायकांना हे आधीच सांगून ठेवा, नाही तर कोणी शिष्ट समजेल.

माहेर_कोरेगाव

नाताळकर काका, माहिती उत्तम आहे, पण एका ठिकाणी मला थांबावंसं वाटतं. मी सातारा जिल्ह्यातली, लग्न होऊन बडोद्याला आले आणि इथल्या शाळेत शिकवलं. आमच्या भागात नकुसा नावाच्या मुली माझ्या वर्गात, माझ्या गल्लीत होत्या. घरचे म्हणायचे, ‘पोरीला थोडंच बोललोय, ते तर देवाला सांगितलंय.’ देवाला सांगितलं तरी हजेरीला उभं पोरीलाच राहावं लागतं. २०११ च्या ऑक्टोबरमध्ये साताऱ्यात मोठा कार्यक्रम करून २८५ मुलींची नावं बदलली, तेव्हा त्यातल्या कित्येकींनी आपलं नवं नाव स्वतः निवडलं. ते फोटो मी अजून जपून ठेवलेत.

आणि गुरं येतात म्हणून मुलगी हवीशी होते, हेही मला पटत नाही. येणारी गुरं बापाच्या गोठ्यात जातात. वंश कोणाच्या नावाने चालतो, ते सांगा.

शुभाताई, माझं मत असं की चारचौघींत अर्थ निघायच्या आधी तिला एकटीला विचारा. तिच्या नावाबद्दल तिच्याहून जास्त आपण ठरवू नये.

जुना_नाताळकर

तुमचं म्हणणं रास्त आहे. वंश बापाच्याच आडनावाने चालतो आणि मुलाची ओढ तिकडेही आहे. ती नसती तर न्टोंबीफुथी, झोद्वा, झानेले ही नावं जन्मालाच आली नसती. माझं म्हणणं एवढंच, की त्या वाक्यात वैताग असू शकतो, तृप्ती असू शकते, कधी दोन्ही. नुसत्या नावावरून ते कळत नाही, ठेवणाऱ्या माणसावरून कळतं. ‘पुरे’ हे जेवणाच्या ताटावरही म्हणतात.

हे नाव वाहून पुढे गेलेली माणसंही आहेत. माजी राष्ट्राध्यक्ष थाबो म्बेकी यांच्या पत्नी झानेले, समाजकार्य शिकलेल्या, बायकांना छोटी कर्जं मिळावीत म्हणून झटलेल्या. डर्बनच्या उमलाझी वस्तीत १९७२ साली जन्मलेल्या झानेले मुहोली यांची छायाचित्रं जगभरच्या मोठ्या संग्रहालयांत लागली आहेत.

एक गोष्ट राहिली होती, ती तुम्हा दोघींना जवळची वाटेल. लग्नानंतरही झुलू बाईला माहेरच्या आडनावाने हाक मारतात. म्खिझे घराण्यातली लेक सासरी ‘मामखिझे’ होते आणि म्हातारी होईपर्यंत मामखिझेच राहते. तिचं माहेर पुसत नाहीत. पण तिने मात्र सासऱ्याचं नाव घ्यायचं नाही. नावच काय, त्या नावासारखा आवाज असलेला रोजचा शब्दही टाळायचा आणि त्याच्या जागी दुसरा वापरायचा. याला ह्लोनिफा म्हणतात. म्पांडे राजाच्या काळात ‘इम्पांडे’ म्हणजे मूळ, हा साधा शब्दसुद्धा लोक टाळत. आपल्या उखाण्यामागचा संकोच त्यांच्याकडे अख्खी बोली होऊन बसलाय.

रावपुरा_टॉवर

थोडं अवांतर, पण माहेरच्या नावावरून आठवलं. आपल्या रावपुऱ्यातला टॉवर चिमणाबाईंच्या नावाचा. त्या माहेरच्या तंजावरच्या लक्ष्मीबाई, इथे येऊन चिमणाबाई झाल्या. १८८५ मध्ये त्या गेल्या, त्याच वर्षी सयाजीरावांचं दुसरं लग्न देवासच्या गजराबाईंशी झालं आणि त्यांनाही चिमणाबाईच केलं. पडदा मोडून सभेत उभ्या राहिलेल्या, बायकांच्या शिक्षणासाठी लिहिणाऱ्या त्या ह्या दुसऱ्या. आम्ही रोज त्या टॉवरखालून जातो आणि गजरा हे नाव कोणाला माहीत नसतं. महाराज स्वतःही कवळाण्याचे गोपाळराव, १८७५ मध्ये दत्तक आले आणि सयाजीराव झाले. पण त्यांचं मूळ नाव शाळेच्या पुस्तकात आहे. झानेलेला झानेलेच म्हणा.

शुभा_दांडियाबाजार

सगळ्यांचे मनापासून आभार. काल ती खाली आली होती. मी कैरीची डाळ वाटून फोडणी घालत होते, तिला चव बघायला दिली. कोरेगावच्या ताईंनी सांगितलं तसं एकटीलाच विचारलं, तुझं नाव कोणी ठेवलं?

म्हणाली, गोगोने. गोगो म्हणजे आजी. ही चौथी मुलगी. चुलते म्हणत होते न्टोंबीफुथी ठेवा, त्यांच्या बोलण्यात खोच होती. आजीने ते मोडून काढलं. म्हणाली, पुन्हा कशाला, माझं घर भरलं, आता पुरे. बाळाला वाडवडिलांच्या स्वाधीन करायचा एक विधी असतो, इंबेलेको, त्यात बकरं कापतात आणि त्याच्या कातड्याचं कडं बाळाच्या मनगटात घालतात. तो आजीने मोठ्या भावंडांसारखाच हिचाही करायला लावला. झानेले म्हणाली, चुलते अजून ते नाव घेताना जरा दात ओठ आवळतात, आई घेते तेव्हा तसं नसतं. दोन्ही मला ऐकू येतं, म्हणाली. मग नकूमावशीची गोष्ट मी तिला सांगितली. तिने दोनदा विचारलं, की तुमच्या मावशीने नवं नाव स्वतः निवडलं होतं का? नाही, सासरच्यांनी निवडलं होतं. त्यावर ती बराच वेळ काही बोलली नाही, मग डाळ आणखी मागितली.

हळदीकुंकवाला यायला तयार आहे. अर्थ विचारला तर मीच सांगेन म्हणाली, तुम्ही मध्ये पडू नका. जान्हवीचा विषय मावशींपाशी मी संपवलाय. ओटीचे हरभरे तिला चालतील, पन्हं तर फारच आवडलं.

आता शेवटची मदत हवी. तिची एक मैत्रीणही येणार आहे, नाव न्‌कोबिले की असंच काहीसं. मी म्हटलं की दोघी हसतात आणि जिभेने टक्‌ असा आवाज काढून दाखवतात. ते कसं म्हणायचं?

जुना_नाताळकर

नाव छान आहे, विजयाशी नातं सांगणारं. त्यांच्याकडे जिभेचे असे तीन आवाज आहेत. हळहळताना आपण दातांमागे ‘च्‌च्‌’ करतो तो एक. बैल-घोडा हाकताना गालाच्या बाजूने काढतो तो दुसरा. आणि तिच्या नावातला तिसरा: जीभ टाळूला घट्ट चिकटवा आणि झटक्यात खाली ओढा, बाटलीचं बूच निघाल्यासारखा पोकळ आवाज येतो. आधी नुसता तो आवाज जमवा, मग त्याला ‘ओ’ जोडा, मग पुढे ‘बिले’. सुरुवातीचा ‘न’ अगदी ओझरता. ‘बि’ जरा लांबवायचा, कारण झुलूत शेवटून दुसरं अक्षर लांबतं. तसंच झानेलेतलं ‘ने’ लांबवा: झा-नेऽ-ले.

नाहीच जमलं तर तिलाच दोन-तीनदा म्हणून दाखवायला सांगा आणि सगळ्या बायकांना म्हणायला लावा. तिकडे याचं कोणाला वाईट वाटत नाही, प्रयत्न न करण्याचं वाटतं. आणि दोघी दारात आल्या की ‘सानिबोनानी’ म्हणा. एकटीला ‘सावुबोना’, दोघी असल्या की सानिबोनानी.