‘डिस्चार्ज’ला मराठीत काय? दोषमुक्त, आरोपमुक्त की विनादोषारोप?

तळटीप
एका निकालाचा सारांश मराठीत करतेय. खुनाच्या खटल्यात दोन आरोपी, त्यातला एक फरारी. दुसऱ्याचा खटला आधी चालला आणि तो सुटला. मग फरारी हजर झाला, म्हणाला, साक्षीदार तेच, पुरावा तोच, मलाही डिस्चार्ज द्या, म्हणजे खटला न चालवताच सोडा. मी पहिल्याला ‘दोषमुक्त’ लिहिलं आणि दुसऱ्याचा ‘विनादोषारोप सोडण्यासाठी अर्ज’. फौजदारी संहितेच्या मराठी अनुवादात तसंच आहे. संपादक म्हणतात, उलटं करा: पहिला ‘निर्दोष’, दुसरा ‘दोषमुक्त’. कोणाचं ऐकू?

आडवाट
संपादकांचं. पेपरात डिस्चार्ज म्हणजे ‘दोषमुक्त’ आणि ॲक्विटल (खटला चालून सुटणं) म्हणजे ‘निर्दोष मुक्तता’, हे आता रुळलंय. ‘विनादोषारोप’ एकदा मोठ्यानं म्हणून बघा!

जुनी_निशाणी
रुळलं म्हणून बरोबर? डिस्चार्जच्या वेळी दोष ठरवायचा प्रश्नच आलेला नसतो. चार्ज फ्रेम (आरोप निश्चित) व्हायच्या आधी कोर्ट दोषारोपपत्र आणि सोबतचे कागद बघतं. खटला चालवण्याइतकंही त्यात काही नसेल तर सोडतं. साक्षीपुरावा होऊन सुटणं वेगळं. एकदा खटला होऊन सुटलेल्यावर त्याच गुन्ह्याचा पुन्हा खटला नको, असं सांगणाऱ्या जुन्या संहितेच्या कलम ३०० च्या (आता नागरिक सुरक्षा संहितेचं ३३७) स्पष्टीकरणातच आहे की त्या कलमापुरता डिस्चार्ज म्हणजे ॲक्विटल नव्हे. म्हणजे नवा पुरावा सापडला तर तोच माणूस पुन्हा उभा राहू शकतो. अशाला ‘दोषमुक्त’ म्हणणार?
मालेगावचा २००८ चा बॉम्बस्फोट खटला घ्या. डिसेंबर २०१७ मध्ये विशेष न्यायालयानं तिघांना डिस्चार्ज दिला, ३१ जुलै २०२५ ला सात जण खटला पुरा होऊन सुटले. दोन्हींना एकच शब्द वापरलात तर वाचकाला काय कळणार?

घाटावरची
आमचे आजोबा सांगलीकडे कोर्टात कारकून होते. ते ‘सोडला’ आणि ‘सुटला’ असा फरक करायचे. केस उभीच राहिली नाही तर कोर्टानं ‘सोडला’, केस चालून निभावला तर ‘सुटला’. गावालाही कळायचं.

आडवाट
छान आहे, पण मथळ्यात ‘सोडला’ लिहिलं तर लोकांना जामीन वाटेल.

पळसपान
‘निर्दोष मुक्तता’ तरी कुठे शुद्ध आहे? निर्दोष कोण, माणूस की मुक्तता? आणि संशयाचा फायदा मिळून सुटलेल्याला निर्दोष म्हणणं म्हणजे कोर्ट म्हणालं त्याहून जास्त बोलणं. हिंदीवाले डिस्चार्जला ‘उन्मोचन’ म्हणतात. तो घ्या.

जुनी_निशाणी
उन्मोचन नको, नवा घोळ कशाला. ‘आरोपमुक्त’ मला चालेल.
तळटीप, सारांशात एवढं मात्र स्पष्ट लिहा की सहआरोपी सुटला म्हणून डिस्चार्ज आपोआप मिळत नाही. एकाच्या खटल्यातला निकाल दुसऱ्याच्या खटल्यात पुरावा ठरत नाही, प्रत्येकाचा खटला त्याच्यापुढे झालेल्या साक्षींवर. राजन राय विरुद्ध बिहार राज्य यात सर्वोच्च न्यायालयानं हेच धरलं. तिथेही हा आरोपी फरारी म्हणून वेगळा पडला होता आणि बाकीचे सुटले होते. पहिल्या वेळी फितूर झालेला साक्षीदार दुसऱ्या वेळी बोलणारच नाही असं कुठे आहे? वकील २०२३ चा जावेद शौकत अली कुरेशी निकाल दाखवतील (पुरावा तोच असेल तर एकाला सोडून दुसऱ्याला शिक्षा नको, असं म्हणणारा), पण तिथे पुरावा होऊन शिक्षा झाली होती आणि प्रकरण अपिलात होतं. डिस्चार्जला ते जसंच्या तसं लावता येत नाही. कटाचा आरोप असेल तर गोष्ट जरा वेगळी, एकट्यानं कट होत नाही.

पळसपान
तुम्ही सगळे ‘सहआरोपी’ लिहिताय, पण ‘आरोपी’ म्हणजे आरोप करणारा. ज्याच्यावर आरोप तो ‘आरोपित’.

घाटावरची
मग ‘रोगी’ म्हणजे रोग देणारा का? ज्याला रोग आहे तो रोगी, ज्याच्यावर आरोप आहे तो आरोपी.

पळसपान
आणि ‘फिर्यादी’? तो तर फिर्याद करतो. त्याच कोर्टात, त्याच ‘ई’नं.

घाटावरची
फिर्याद फारसीतून आलीय, तिला संस्कृतचा नियम कशाला लावता?

पळसपान
बरं, फारसी सोडा. ‘वादी’ म्हणजे वाद घालणारा की ज्याच्याशी घातला तो?