मदत हवी आहे: फिलिप बेटावरच्या जास्वंदीच्या कळ्या गळताहेत

नमस्कार मंडळी,
मी ब्रिस्बेनला राहते. दोन वर्षांपूर्वी नर्सरीतून एक जास्वंद आणली, हिबिस्कस इन्सुलारिस. आपल्या गणपतीच्या लाल जास्वंदीशी हिचं रूप जुळत नाही. पानं बारकी, फांद्या एकमेकींत गुंतलेल्या. फूल उमलतं तेव्हा फिकट पिवळसर, मधोमध गडद जांभळट ठिपका, आणि मावळताना सगळं जांभळट गुलाबी होतं.

हिचं माहेर म्हणजे प्रशांत महासागरातल्या, ऑस्ट्रेलियाच्या पूर्वेकडच्या नॉरफोक बेटाच्या दक्षिणेचं चिमुकलं फिलिप बेट. नॉरफोकवर कैद्यांची वसाहत होती त्या काळात फिलिपवर डुकरं, बकऱ्या, ससे सोडले गेले. त्यांनी बेट पार बोडकं केलं. तिथली एक शेंगांची वेल तर जगातूनच गेली. या जास्वंदीचे जेमतेम दोन झुपके उरले. १९८० च्या दशकात ससे हटवले, तेव्हा कुठे बेट हिरवं होऊ लागलं. बागांमधली झाडं त्या उरलेल्यांच्याच फांद्यांपासून वाढवलेली आहेत. म्हणून ‘हे गेलं तर दुसरं आणू’ असं माझ्याने म्हणवत नाही.

आता अडचण. महिनाभर कळ्या हरभऱ्याएवढ्या झाल्या की देठ पिवळा पडतो आणि गळतात. कुंडी १४ इंची, निचरा चांगला, ऊन पाच-सहा तास. पाणी एक दिवसाआड, पण मध्ये आठवडाभर गावाला गेले होते तेव्हा माती कोरडीठाक झाली होती. गळलेल्या कळ्या उकलून पाहिल्या, तर दोन-तीनांत मोहरीएवढे काळे भुंगेरे होते, बाकीच्या रिकाम्याच.

गळ भुंगेऱ्यांमुळे आहे की पाण्याच्या ओढीमुळे? तसे भुंगेरे तुमच्याकडे आले असतील तर काय केलंत? कडुनिंबाचं तेल फवारायला हात धजावत नाही, कारण फुलांवर मधमाश्या येतात. सध्या पडलेल्या कळ्या रोज वेचून पिशवीत बांधून टाकते आहे.

दुसरं, जपणूक म्हणून कटिंग्ज लावून ठेवावीत म्हणते. अर्धवट जून फांदी घ्यावी की कोवळी? झाड आधीच दमलेलं असताना छाटणं बरं का?

शेजारी साध्या जास्वंदीही आहेत. कधी बी धरलंच, तर त्यातून मिश्र रोप येण्याची भीती कितपत? अनुभव असलेल्यांनी जरूर लिहा. उद्या उजेडात पानांचे आणि कळ्यांचे फोटो टाकते.