हळदीचा डाग साबण लावताच लाल का होतो?

प्रश्न:
पांढऱ्या सदऱ्यावर आमटी सांडली की पिवळा डाग पडतो. पण त्यावर कपडे धुण्याची वडी घासताच तोच डाग तांबडा होतो आणि भरपूर पाण्यात खळबळल्यावर पुन्हा पिवळा दिसू लागतो. साबणामुळे डाग अधिक पक्का होतो काय?

उत्तर १:
पक्का होत नाही. हळदीतील करक्युमिन हे रंगद्रव्य आम्लात आणि उदासीन पाण्यात पिवळे असते, तर सामू (pH, म्हणजे द्रावण किती आम्ल किंवा त्याउलट आम्लारिधर्मी आहे याचे माप) साधारण ८च्या पुढे गेला की त्याच्या रेणूतील हायड्रोजन निघून जाऊन ते तांबडे दिसते. वडीच्या फेसाचा सामू सहसा ९ ते १० असतो, म्हणून तिथे रंग पालटतो; साबण निघून गेला की पूर्ववत होतो. शाळेत लिटमसऐवजी हळदीचा कागद वापरतात तो याच गुणामुळे. मुका मार लागल्यावर लावलेला हळद-चुन्याचा लेपही त्यामुळेच लाल होतो. त्याने ‘उष्णता ओढून घेतली’ असे घरोघरी सांगतात, पण ती लाली चुन्याची करामत आहे.

उत्तर २:
मी अशा वेळी लिंबाची फोड चोळते. लाली लगेच जाते.

उत्तर ३:
लिंबाने लाली जाते, डाग जात नाही. आम्लामुळे करक्युमिन केवळ पिवळ्या रूपात परतते, आणि त्या रूपात ते अधिक टिकाऊ असते. उलट साबणासारख्या आम्लारिधर्मी पाण्यात त्याचे रेणू हळूहळू तुटू लागतात, त्यामुळे तांबडा झालेला डाग थोडा वेळ साबणात राहू देणेच हिताचे. शिवाय करक्युमिन पाण्यात जवळजवळ विरघळत नाही, तेलात मात्र सहज विरघळते. फोडणीच्या तेलाबरोबर ते धाग्यात शिरलेले असते, म्हणून नुसत्या पाण्याने कितीही घासले तरी उपयोग होत नाही आणि तेल सुटण्यासाठी साबण लागतोच. उरलेल्या पिवळेपणावर खरा उपाय ऊन हाच आहे, कारण प्रकाशाने हे रंगद्रव्य विघटित होते. हळदीची पूड पारदर्शक बरणीत खिडकीशी ठेवल्यास फिकी पडते, तेही यामुळेच. डागाची बाजू वर करून सदरा कडक उन्हात वाळत घालावा. रंगीत कपड्याचा मूळ रंगही उन्हाने विटू शकतो, तेव्हा तो फार वेळ उन्हात ठेवू नये.

प्रश्नकर्ता:
पावसाळ्यात ऊन नसेल तर?

उत्तर ३:
ढगाळ उजेडातही रंग उडतो, मात्र बराच सावकाश. सदरा खिडकीत टांगावा, कपाटात ठेवू नये.