नको असलेला गेमिंग ओव्हरले तुम्ही कसा घालवला? अनुभव सांगा

खतावणी_सोलापूर

नमस्कार मंडळी. ओव्हरले म्हणजे चालू कामाच्या वर अचानक उघडणारी गेमची खिडकी. मी नवी पेठेतल्या दोन-तीन कापड दुकानांचे अकाउंट बघतो. गेमशी आपला आयुष्यातला संबंध म्हणजे लहानपणी गड्ड्याच्या जत्रेत बंदुकीनं फुगे फोडले तेवढाच. पण मागच्या दिवाळीत भाचा म्हणाला मामा घ्यायचाच तर ग्राफिक कार्डवाला घ्या, मग दहा वर्षं बघायला नको, आणि गेमिंग लॅपटॉप गळ्यात पडला. कीबोर्डाखाली लाल-निळे दिवे लागतात, दुकानात घेऊन बसलं की शेटजी विचारतात हे काय डीजे आहे का.

तर झालं असं. वीस तारीख, रात्रीचे साडेनऊ, जीएसटीची थ्री-बी रिटर्न भरायची आणि टॅली उघडलेलं. टॅली प्राईमवाल्यांना माहितीये की ऑल्ट आणि जी दाबलं की गो-टू उघडतं, मी दिवसातून शंभरदा तरी दाबत असेन, बोटं आपोआप जातात. जुन्या डेस्कटॉपच्या कीबोर्डावर सगळं ऐसपैस होतं, लॅपटॉपवर विंडोजचं बटण ऑल्टला अगदी खेटून आहे. अंगठा अर्धा इंच सरकला आणि स्क्रीन एकदम काळपट झाली, वर घड्याळाची एक पट्टी, एका बाजूला आवाजाच्या रेघा, दुसरीकडं कसलेतरी आलेख नाचायलेत. मला वाटलं झालं, हॅक झालो, दुकानाचं सगळं लेजर गेलं. पॉवरचं बटण दाबून धरलं आणि लॅपटॉप बंदच करून टाकला.

दुसऱ्या दिवशी एका रिपेअरवाल्याकडं नेला. त्यानं मी सांगितलेलं ऐकलं, लॅपटॉप उघडलाही नाही, म्हणाला व्हायरस आहे साहेब, फॉरमॅट मारावं लागतंय, आठशे रुपये. मारला. बॅकअप पेनड्राईव्हवर होता म्हणून वाचलो. घरी येऊन टॅली टाकलं, पहिल्याच व्हाउचरला अंगठा पुन्हा सरकला आणि परत तेच काळं! आठशे रुपये देऊन तेच! मग भाच्याला फोन लावला तर तो आधी पाच मिनिटं हसला. म्हणाला मामा तो व्हायरस नाही ओ, एक्सबॉक्स गेम बार आहे, विंडोजबरोबरच येतो, विंडोज आणि जी दाबलं की उघडतो, एस्केप दाबला की जातो. एस्केप! म्हणजे वीस तारखेला रात्री एक बटण दाबलं असतं तर थ्री-बी वेळेत गेली असती, पन्नास रुपये रोजाची लेट फी वाचली असती.

बंद कसा केला ते खाली सांगतो, पण मला खात्री आहे की असा मी एकटा नसणार. ज्यांचा गेमशी काही संबंध नाही पण लॅपटॉपनं जबरदस्तीनं गेमर करून ठेवलंय त्यांनी लिहा.

कोडवाला_बे

काका सेम बे सेम. फक्त माझा वेगळा ओव्हरले होता. मी इंजिनिअरिंगला आहे, लास्ट इयर. कोड लिहायच्या व्हीएस कोड ॲपमधे लांब ओळ खाली मोडून दाखवायची म्हणजे वर्ड रॅप, त्याचा शॉर्टकट ऑल्ट-झेड. आणि एनव्हिडियाचा, म्हणजे ग्राफिक कार्डाच्या कंपनीचा, ओव्हरले उघडायचा शॉर्टकट पण ऑल्ट-झेड. तर मी ओळ मोडायला जायचो आणि बाजूनं रेकॉर्ड, इन्स्टंट रिप्ले असलं सगळं पॅनेल सरकत यायचं. आठ दिवस मला वाटायलं होतं की व्हीएस कोडमधेच कुठलंतरी एक्स्टेंशन गंडलंय, एकेक करून बारा एक्स्टेंशन उडवली, थीम पण गेली माझी आवडती.

कहर म्हणजे प्लेसमेंटची ऑनलाईन टेस्ट. कॅमेरा चालू, फुल स्क्रीन, ब्राउजरातल्या एडिटरमधे कोड टाईप करायलोय, सवयीनं ऑल्ट-झेड दाबलं गेलं, पॅनेल आलं आणि वर लाल अक्षरात वॉर्निंग की तुम्ही टेस्टच्या बाहेर गेलात, असं अजून दोनदा झालं तर टेस्ट बंद. हात थरथरायलेत, पुढचा पूर्ण तास मी डावा हात मांडीखाली ठेवून एका हातानं टाईप केलंय, खोटं नाही सांगत.

उपाय एकदम सोपा. एनव्हिडिया ॲप उघडायचं, सेटिंग्जमधे जायचं, तिथं एनव्हिडिया ओव्हरलेचा स्विच आहे तो ऑफ करायचा. जुन्या लॅपटॉपवर जीफोर्स एक्सपिरियन्स असेल, २०२४ च्या नोव्हेंबरात त्याच्या जागी हे नवं ॲप आलं, पण जुन्यात पण जनरलमधे इन-गेम ओव्हरले असा स्विच होता, तोच ऑफ करायचा. ओव्हरले पाहिजेच असेल तर त्याचे शॉर्टकट बदलता येतात. मी बंदच केला. टेस्टचं काय झालं विचारू नका.

जेकार्डवाला

आमचा अक्कलकोट रोड एमआयडीसीत चादरी आणि टॉवेलचा कारखाना. डिझाईन आता कॉम्प्युटरवरच करतो, जेकार्डला, म्हणजे नक्षीच्या मागाला, फाईल तिथूनच जाते. कार्ड एनव्हिडियाचं, माझं ऑल्ट-आर दाबलं गेलं असणार कधीतरी, कारण एक दिवस वरच्या उजव्या कोपऱ्यात बारीक आकडे दिसायला लागले, ग्राफिक कार्ड किती टक्के चाललंय वगैरे, आणि सगळ्यात वर एफपीएस, म्हणजे सेकंदाला किती चित्रं, आणि त्याच्यापुढं एन-ए. गेम चालू नसला की तिथं आकडा येत नाही, एन-ए येतं, हे आता कळलं. डिझाईनच्या खिडकीवर पण तेच, मोकळ्या डेस्कटॉपवर पण तेच. चार दिवसांत नजरेला सवय झाली आणि मी विसरून गेलो.

मग हैदराबादच्या एका पार्टीला मोराच्या चादरीचे तीन रंग दाखवायचे होते. घाईत स्क्रीनचाच मोबाईलवर फोटो काढला आणि व्हॉट्सॲपवर टाकला. तिकडून तासाभरानं फोन, आधा तेलुगू आधा हिंदी, की तीनही फोटोत वर एन-ए लिहिलंय, माल नॉट ॲव्हेलेबल आहे तर फोटो कशाला पाठवले? मी म्हणतोय अण्णा सगळा माल आहे, तो म्हणतोय तुम्हीच लिहिलंय. शेवटी माग चालू असताना व्हिडिओ कॉल करून चादर दाखवली तेव्हा ऑर्डर पक्की झाली.

परत ऑल्ट-आर दाबलं की ते आकडे जातात. एवढंच होतं. पण एवढं सांगायला माणूस पाहिजे ना.

खतावणी_सोलापूर

नॉट ॲव्हेलेबल वाचून चहा सांडला माझा 😂

शिकवणीवाली

मी जुळे सोलापुरात घरी शिकवण्या घेते, आठवी ते दहावी गणित. लॉकडाऊनपासून काही मुलं ऑनलाईनच आहेत. माझ्याकडं पण तो गेम बार अधूनमधून उघडायचा आणि मला एस्केप वगैरे माहीत नव्हतं, त्यामुळं तो घालवायला मी दिसेल ते दाबायचे, त्यात एक गोल ठिपका होता तो दाबला की बार जायचा आणि कोपऱ्यात एक छोटंसं टाइमर राहायचं. ते मी माउसनं ओढून बाजूला सारायचे. मला वाटलं घड्याळ आहे, तासाची वेळ बघायला बरंच आहे की.

दोन महिन्यांनी सी ड्राईव्ह लालभडक. फाईल सेव्ह होईना, पीपीटी उघडेना. भाऊ आला त्यानं शोधलं तर व्हिडिओज फोल्डरच्या आत कॅप्चर्स नावाचं फोल्डर आणि त्यात माझ्या शिकवणीचे एकेक दीड-दोन तासांचे व्हिडिओ. तो ठिपका रेकॉर्डिंगचा होता! भाऊ म्हणाला बरं आहे सेटिंगमधे मर्यादा दोन तासांची होती, नाहीतर ते चालूच राहिलं असतं. आणि माइक पण चालू. त्रिकोणाची एकरूपता समजावतेय आणि मागनं सासूबाई भाकरीवालीशी घासाघीस करतायत, कडक भाकरी कालची आहे का आजची, शेंगाचटणीत लसूण कमी का. सगळं एचडीमधे.

व्हिडिओ उडवले, रिसायकल बिन रिकामा केला, ड्राईव्ह मोकळा. माझं विंडोज १० होतं त्यामुळं सेटिंग्जमधे गेमिंगवर जाऊन पहिलाच स्विच ऑफ केला आणि विषय संपला. एक व्हिडिओ मात्र मी ठेवलाय, सासूबाईंचा आवाज चांगला आलाय त्यात.

रजिस्ट्रीबहाद्दर

मी स्वतःला हुशार समजतो त्यामुळं माझा किस्सा जास्त लाजिरवाणा आहे. बंद वगैरे काय करायचं, मुळासकट उपटू म्हटलं. पॉवरशेल, म्हणजे विंडोजला कमांड द्यायची खिडकी, उघडलं, कुठंतरी सापडलेली कमांड चिकटवली, गेम बार गायब. कॉलर ताठ. संध्याकाळी गेम लावला तर मधेच खिडकी, ही एमएस-गेमिंगओव्हरले लिंक उघडायला नवीन ॲप लागेल, स्टोअरमधे शोधू का? कॅन्सल केलं की थोड्या वेळानं परत. म्हणजे भाडेकरूला हाकलला पण दारावरची पाटी तशीच, पोस्टमन रोज येऊन बेल वाजवतोय.

कारण असं की ॲप गेलं तरी गेम सुरू झाला की विंडोज त्याला हाक मारायचं थांबत नाही. ती हाक रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या आतल्या सेटिंगच्या वहीत, बंद करावी लागते. करंट युजरच्या भागात दोन नोंदी आहेत, गेम डीव्हीआर खाली ॲप कॅप्चर एनेबल्ड आणि गेम कॉन्फिग स्टोअर खाली गेम डीव्हीआर एनेबल्ड, दोन्हीची किंमत शून्य करायची. आधी रजिस्ट्री एक्स्पोर्ट करून ठेवा, मी ठेवली नव्हती आणि पहिल्यांदा भलतीच नोंद शून्य केली, ते जाऊ दे. ज्यांना रजिस्ट्रीत हात घालायचा नाही त्यांनी मायक्रोसॉफ्ट स्टोअरमधून गेम बार परत टाकावा, पॉपअप लगेच थांबतो. खतावणी काका, तुम्ही यातलं काही करू नका, तुमच्या मशिनवर दुसऱ्यांची खाती आहेत.

होटगीरोड

एएमडी कंपनीचं ग्राफिक कार्ड असणाऱ्यांसाठी. एक्सेलमधे ऑल्ट-आर म्हणजे रिव्ह्यूचा टॅब, एएमडीच्या ॲड्रेनलिनमधे ऑल्ट-आर म्हणजे ते आख्खं सॉफ्टवेअरच उघडतं. ऑफिसात शीटवर कमेंट टाकायला गेलो की काळी-लाल खिडकी, आणि साहेबांना वाटायचं हा गेम खेळतोय. ॲड्रेनलिनच्या सेटिंगमधे प्रेफरन्सेसमधे इन-गेम ओव्हरले ऑफ केला आणि हॉटकीज टॅबमधून ऑल्ट-आर काढून टाकलं. आता शांत आहे. साहेबांच्या मनातून मात्र गेलं नाही.

रात्रपाळी

एक सोपी खूण सांगतो, शोधाशोध वाचेल. शिफ्ट-टॅबला उघडत असेल तर तो स्टीमचा, म्हणजे गेम घ्यायच्या-खेळायच्या ॲपचा, आणि तो फक्त स्टीमवरून लावलेला गेम चालू असतानाच येतो, त्यामुळं वर्ड-एक्सेलमधे काही येत असेल तर स्टीमला शिव्या घालू नका. विंडोज-जी असेल तर गेम बार. ऑल्ट-झेड असेल तर बहुतेक ग्राफिक कार्डाचा. आधी कुठलं बटण दाबलं गेलं ते आठवा मग सेटिंगला हात लावा, उगं सगळं बंद करत सुटलात की हवं ते पण जातंय.

आणि जरा उलटं बोलतो, राग मानू नका. गेम बार एवढा वाईट नाही. त्यातून प्रत्येक ॲपचा आवाज वेगवेगळा कमी-जास्त करता येतो, मीटिंग चालू ठेवून गाण्याचा आवाज बारीक. मी रोज वापरतो. फुकटचं आहे, शिकून घ्या की.

शिकवणीवाली

नको ओ. दोन महिने वापरला मी.

खतावणी_सोलापूर

आता माझा उपाय. माझं विंडोज ११ आहे, त्यात गेमिंगच्या पानावर ताईंसारखा सरळ स्विच मिळाला नाही, तिथं फक्त कंट्रोलरच्या बटणाचं आहे. म्हणून ॲप्स, इन्स्टॉल्ड ॲप्स, गेम बारपुढचे तीन ठिपके, ॲडव्हान्स्ड ऑप्शन्स, तिथं बॅकग्राउंडची परवानगी नेव्हर केली आणि खालचं टर्मिनेट दाबलं. त्यानं तो मागं बसून राहत नाही, पण विंडोज-जी दाबलं की उघडतोच. मग भाच्यानं सांगितलं की माझ्या लॅपटॉपवर एफएन आणि विंडोज एकत्र दाबलं की विंडोजचं बटणच कुलूपबंद होतं. गेम खेळणाऱ्या पोरांचा अंगठा ऐन वेळी तिथं पडू नये म्हणून दिलंय म्हणे. सगळ्या लॅपटॉपवर नसतं, बटणावर बारीक कुलपाचं चित्र आहे का बघा. आता सकाळी टॅली उघडायच्या आधी मी ते कुलूप लावतो, मग ऑल्ट-जी कितीही जोरात दाबा.

ताईंचं वाचून माझं पण कॅप्चर्स फोल्डर उघडून बघितलं. एक व्हिडिओ निघाला, दोन मिनिटं चौदा सेकंदांचा, फॉरमॅटनंतरचा. स्क्रीनवर टॅलीचं रिकामं व्हाउचर आणि मागनं माझा आवाज, अगं ये, परत हॅक झालं बघ. भाच्याला पाठवलेला नाही.