रोज वेगळीच फाइल कशी बिघडते?

शुक्रवार

तन्मय, रात्री ९.०४
सर्वांना नमस्कार. खालच्या खोलीतील सामाईक संगणकावरचा आपला गेम गेले दोन दिवस तिसऱ्या टप्प्याच्या दारापाशी आला की बंद पडतो आणि 'फाइल करप्ट आहे' एवढेच सांगून मोकळा होतो. बुधवारी रात्री अपडेट उतरत असताना कोणीतरी बटण दाबून संगणक बंद केला होता, हे मला ठाऊक आहे. तो कोणी बंद केला हे मी विचारत नाही. यापुढे कोणी करू नये, एवढीच विनंती आहे.

शशीआत्या, रात्री ९.०६
'कोणीतरी' असे आडून लिहिण्याची गरज नाही. बटण मीच दाबले. रात्रीचे साडेबारा वाजले होते, खोलीत कोणी नव्हते, पडद्यावर एक निळी पट्टी तसूभरही हलत नव्हती आणि यंत्र मात्र घरघरत होते. चालू ठेवून निघून जाणाऱ्याने निदान कागदावर तसे लिहून ठेवावे.

अरविंदकाका, रात्री ९.०७
गेम पुसून पुन्हा टाकावा. विषय संपला.

तन्मय, रात्री ९.०९
काका, गेम ८४ जीबीचा आहे. आपली जोडणी ४० एमबीपीएसची आहे. मध्ये कोणी काहीही पाहिले नाही, तरी साडेचार तासांहून अधिक वेळ लागेल.

शशीआत्या, रात्री ९.१०
आणि तेवढा वेळ बाकीच्यांनी काय करायचे, हेही त्याच हिशेबात धरावे.

मेघनाताई, रात्री ९.१८
पुसण्याची घाई करू नये. स्टीम, म्हणजे आपण ज्यातून गेम उतरवतो ते ॲप, त्याच्या लायब्ररीत गेमच्या नावावर राइट क्लिक करून 'प्रॉपर्टीज' उघड, त्यात 'इन्स्टॉल्ड फाइल्स' या भागात 'व्हेरिफाय इंटिग्रिटी ऑफ गेम फाइल्स' असे बटण आहे, ते दाब आणि तपासणी पूर्ण होईपर्यंत दुसरे काही चालवू नकोस. जी फाइल मूळ प्रतीशी जुळत नाही तेवढीच ते पुन्हा उतरवते, बाकीच्यांना हात लावत नाही. हीच सोय गेमच्या इतर ॲपमध्येही, म्हणजे एपिकमध्ये 'व्हेरिफाय', बॅटलनेटमध्ये 'स्कॅन अँड रिपेअर' आणि जीओजी गॅलक्सीमध्ये 'व्हेरिफाय / रिपेअर' या नावाने असते. अपडेट अर्धवट राहिले की काही फाइल नव्या आणि काही जुन्या अशी खिचडी होते. तीच झाली असेल, तर एका तपासणीत काम होईल.

नानाआजोबा, रात्री ९.२४
मेघना, मला एक शंका आहे. चौऱ्याऐंशी जीबीमधील कोणते अक्षर चुकले हे त्या यंत्राला कसे कळते? मूळ प्रत तर त्याच्याजवळ नसते. आम्ही मुद्रिते तपासताना शेजारी हस्तलिखित ठेवावेच लागे.

मेघनाताई, रात्री ९.३३
नाना, हस्तलिखिताऐवजी त्याच्याजवळ एक यादी असते, तिला मॅनिफेस्ट म्हणतात. प्रत्येक फाइलचे साधारण १ एमबीचे तुकडे पाडलेले असतात आणि प्रत्येक तुकड्यापुढे एक ठसा लिहिलेला असतो. एका पानावरील सर्व अक्षरे ठरलेल्या रीतीने मिसळून चाळीस चिन्हांची एक खूण काढली, असे समजा. पानात एक वेलांटी बदलली तरी खूण पार वेगळी येते. स्टीम त्यासाठी एसएचए-१ ही पद्धत वापरते, तिचा ठसा १६० बिटांचा, म्हणजेच त्या चाळीस चिन्हांचा असतो. यंत्र तुमच्या डिस्कवरील तुकडा वाचते, त्याची खूण काढते आणि यादीतील खुणेशी ताडून पाहते. म्हणूनच गेमची एकच फाइल ४० जीबीची असली आणि तिच्यात एकच बाइट चुकला, तरी सगळी फाइल आणावी लागत नाही. तो एक तुकडा आणला की काम भागते.

नानाआजोबा, रात्री ९.३६
म्हणजे काकांचा उपाय हा पुनर्मुद्रणाचा आहे आणि तुझा शुद्धिपत्राचा. समजले.

अरविंदकाका, रात्री ९.३७
पुनर्मुद्रणात जुन्या चुका राहत नाहीत. गेम पुसून पुन्हा टाकावा.

तन्मय, रात्री १०.०१
तपासणी झाली, पंधरा मिनिटे लागली. '३ फाइल्स फेल्ड टू व्हॅलिडेट अँड विल बी रीअक्वायर्ड' असा निरोप आला. तिन्ही फाइल उतरत आहेत.

समीरदादा, रात्री १०.०४
थांबव. त्या फाइलींची नावे काय आहेत?

तन्मय, रात्री १०.०६
स्टीमच्या 'लॉग्ज' फोल्डरमधील 'कंटेंट लॉग' उघडून पाहिला. दोन मोठ्या पाक फाइल (गेमचा माल एकत्र बांधलेल्या) आहेत आणि तिसरीच्या नावात 'टेक्स्चर्स' आहे. आता तिन्ही उतरून झाल्या आहेत.

समीरदादा, रात्री १०.०८
ती तिसरी फाइल बिघडलेली नव्हती. तिच्यात मी स्वतः बसवलेला मॉड, म्हणजे गेममध्ये आपल्या मनासारखा केलेला बदल होता. धुके, पाऊस आणि दगडांवरचे शेवाळ नीट दिसावे म्हणून मी त्यावर दोन रविवार घालवले होते. कोणी विचारण्याचे कष्ट घेतले असते, तर मी तिची प्रत काढून ठेवली असती.

तन्मय, रात्री १०.०९
दादा, सामाईक संगणकावरील गेमची मूळ फाइल बदलली आहे हे तू तरी कोणाला सांगितले होतेस?

मेघनाताई, रात्री १०.१४
चूक दोघांचीही आहे. तपासणीला 'बिघडलेली' आणि 'मुद्दाम बदललेली' यांतला फरक कळत नाही, यादीशी न जुळणारे सगळे तिच्या लेखी चूकच असते. मूळ फाइल बदलून केलेला मॉड तिथे टिकत नाही. उलट, नव्याने टाकलेल्या जास्तीच्या फाइल यादीत नसल्यामुळे ती त्यांना हात लावत नाही, त्यामुळे मॉडचा अर्धा भाग तसाच पडून राहतो आणि पुढे तोच गेमच्या वाटेत येतो. समीरने 'मॉड्स' फोल्डर आज रिकामे करावे. खेळाची सेव्ह, म्हणजे कुठवर खेळलो त्याची साठवलेली नोंद, मात्र बहुतेक वेळा 'डॉक्युमेंट्स' किंवा 'ॲपडेटा' या फोल्डरमध्ये असते आणि तपासणी तिकडे फिरकत नाही, म्हणून तन्मयने घाबरू नये.

शशीआत्या, रात्री १०.१६
शेवाळावरून भांडण झालेले हे पहिलेच घर असावे.

तन्मय, रात्री ११.२०
तिसऱ्या टप्प्याचे दार उघडले. मेघनाताई, मनापासून आभार.

शनिवार

तन्मय, सायंकाळी ७.४१
गेम पुन्हा बंद पडला. या वेळी चौथ्या टप्प्यात. पुन्हा तपासणी केली, दोन फाइल जुळल्या नाहीत, आणि कालच्या तिन्हींपैकी त्यांत एकही नाही. आज कोणीही बटण दाबलेले नाही, हे मी स्वतः शेजारी बसून पाहिले आहे.

शशीआत्या, सायंकाळी ७.४३
याची नोंद व्हावी.

अरविंदकाका, सायंकाळी ७.४४
मी काल रात्री ९.०७ वाजता सांगितले होते. गेम पुसून पुन्हा टाकला असता, तर आतापर्यंत खेळून झाले असते.

समीरदादा, सायंकाळी ७.५०
अँटिव्हायरसने एखादी फाइल उचलून कोंडून ठेवली असेल. विंडोज सिक्युरिटीमध्ये 'प्रोटेक्शन हिस्टरी' पाहा. तिथे नाव दिसले, तर फाइल 'रिस्टोअर' करून गेमचे फोल्डर अपवादात टाकावे लागेल.

तन्मय, सायंकाळी ७.५६
पाहिले. यादी रिकामी आहे.

मेघनाताई, रात्री ८.०५
अँटिव्हायरसचा हात असता, तर प्रत्येक वेळी तीच फाइल गेली असती. आता डिस्क पाहू. क्रिस्टलडिस्कइन्फो हे डिस्कची प्रकृती दाखवणारे सॉफ्टवेअर उघडून ०५, सी५ आणि सी६ या तीन ओळींचे आकडे कळव. डिस्कने बाद करून बदललेली, बाद होण्याच्या वाटेवर असलेली आणि अजिबात वाचता न आलेली सेक्टर्स (डिस्कवरचे छोटे कप्पे) त्या ओळींत मोजलेली असतात.

तन्मय, रात्री ८.१२
तिन्ही ओळींत शून्य आहे. वरती 'गुड' असे निळ्या चौकोनात लिहिले आहे.

मेघनाताई, रात्री ८.१६
ठीक. आता जुळत नसलेल्या फाइल उतरू दे आणि मग गेम एकदाही न उघडता लागोपाठ दोनदा तपासणी कर. दोन्ही वेळच्या नावांची यादी इथे लिही. मधल्या वेळात त्या संगणकावर कोणी काहीही करू नये.

अरविंदकाका, रात्री ८.१७
एवढ्या खटाटोपात गेम पुसून पुन्हा टाकून झाला असता.

तन्मय, रात्री ९.०२
पहिल्या तपासणीत एक फाइल चुकली, ती पुन्हा उतरली. दुसऱ्या तपासणीत वेगळ्याच दोन चुकल्या. मी गेम उघडलेला नाही.

मेघनाताई, रात्री ९.१५
मला जी शंका होती तेच दिसते आहे. गेम बंद असताना त्या फाइलींमध्ये कोणी काही लिहीत नाही. पहिल्या तपासणीत शुद्ध ठरलेली फाइल अर्ध्या तासात आपोआप अशुद्ध होण्याचे काही कारण नाही. तपासणीसाठी प्रत्येक तुकडा डिस्कवरून मेमरीत (रॅममध्ये) येतो आणि तिथे त्याची खूण काढली जाते. मेमरीत एखादा बिट उलटला, तर डिस्कवर तुकडा धडधाकट असूनही खूण चुकते. मग यंत्र तो तुकडा पुन्हा आणते आणि आणलेला तुकडा त्याच मेमरीतून डिस्कवर लिहिते. म्हणजे दुरुस्तीतूनच नवी चूक शिरू शकते.

नानाआजोबा, रात्री ९.१९
पान तेच, वाचणारा तोच, आणि दर वाचनाला चूक वेगळ्या ओळीत सापडते. अशा वेळी आम्ही पान खाली ठेवून चष्मा तपासत असू.

मेघनाताई, रात्री ९.२१
अगदी तेच, नाना. आणि म्हणूनच गेम पुसून पुन्हा टाकला असता, तर ८४ जीबी त्याच सदोष चष्म्यातून गेले असते.

समीरदादा, रात्री ९.२३
त्या संगणकाची मेमरी मागच्या महिन्यात वाढवण्यात आली होती, एवढे मी नमूद करतो. कोणी वाढवली, हे मीही विचारत नाही.

अरविंदकाका, रात्री ९.३१
८ जीबीच्या दोन पट्ट्या होत्या, तशाच आणखी दोन मी स्वतःच्या हाताने बसवल्या. त्या वेळी सर्वांनी कौतुकच केले होते. पट्ट्या नव्या आहेत, खोक्यातून माझ्यासमोर निघाल्या आहेत. शिवाय बायोसमध्ये, म्हणजे विंडोजआधीच्या सेटिंग्जमध्ये जाऊन एक्सएमपीही मीच चालू केले, कारण त्याशिवाय त्या पट्ट्या पूर्ण वेगाने धावत नाहीत.

मेघनाताई, रात्री ९.३८
काका, तुमच्या पट्ट्या खराब आहेत असे माझे म्हणणे नाही. एक्सएमपी म्हणजे पट्टी बनवणाऱ्याने दिलेला वाढीव वेग. दोन पट्ट्यांवर तो सुखाने चालतो. चार पट्ट्या झाल्या, आणि त्याही निरनिराळ्या जोडीच्या, की प्रोसेसरमधील मेमरी सांभाळणाऱ्या भागावर ताण वाढतो आणि अगदी तुरळक चुका होऊ लागतात. विंडोज चालू राहते, गाणी वाजतात, कोणाला काही कळत नाही. गेम मात्र मोठमोठे तुकडे उलगडत असतो, त्यामुळे तिथे चूक लगेच उघडी पडते. तन्मय, मेमटेस्ट८६ ही मेमरी तपासणारी चाचणी पेन ड्राइव्हवर घालून संगणक त्यावरून सुरू कर. पूर्ण चार फेऱ्यांना रात्र लागेल.

शशीआत्या, रात्री ९.४०
या वेळी कागदावर 'बंद करू नये' असे ठळक अक्षरांत लिहून पडद्यावर चिकटवावे. मी चष्मा लावून वाचेन.

रविवार

तन्मय, सकाळी ७.१०
रात्री पहिल्याच फेरीत लाल ओळी दिसू लागल्या, अकरा चुका झाल्यावर मी चाचणी थांबवली. मग बायोसमध्ये एक्सएमपी बंद केले, मेमरीचा वेग ३२०० वरून २१३३ झाला, आणि चाचणी नव्याने लावून झोपलो. चारही फेऱ्या पूर्ण झाल्या आहेत आणि चुका शून्य आहेत.

तन्मय, सकाळी ८.०५
तपासणी केली. चार फाइल चुकल्या, त्या उतरल्या. लगेच दुसरी तपासणी केली, सर्व फाइल जुळल्या. तिसरीही केली, सर्व जुळल्या.

अरविंदकाका, सकाळी ८.०९
म्हणजे पट्ट्या चांगल्याच होत्या. मी तेच म्हणत होतो.

समीरदादा, सकाळी ८.१०
काका, आपण नेमके तेच म्हणत नव्हता.

शशीआत्या, सकाळी ८.२२
मला मात्र वेगळीच काळजी लागली आहे. महिनाभरात मी फोनमधील साडेसहाशे फोटो त्याच संगणकावर उतरवले. गेमला यादी असते म्हणून चूक कळली. माझ्या फोटोंना कोणती यादी आहे?

मेघनाताई, सकाळी ८.३४
आत्या, तुमची शंका रास्त आहे. फोटोंना यादी नसते, म्हणून ते गुपचूप बिघडतात: एखाद्याच्या खालच्या अर्ध्या भागात करडा पट्टा येतो, एखादा उघडतच नाही, आणि वर्षभर कोणाच्या लक्षातही येत नाही. फोनमधील मूळ फोटो अजून असतील, तर दोन्हीकडच्या फाइलींचे ठसे काढून ताडून पाहता येतील. विंडोजमध्ये त्यासाठी 'सर्टयुटिल' ही आज्ञा आधीपासूनच असते. तूर्तास फोनमधून काहीही काढून टाकू नका.

अरविंदकाका, सकाळी ८.३६
ठसे कशाला काढायचे? संगणकावरचे फोटो पुसून पुन्हा टाकावेत.

मेघनाताई, सकाळी ८.४१
या वेळी काकांचे म्हणणे बरोबर आहे. मूळ प्रत हाताशी असताना साडेसहाशे फोटो ताडत बसण्यापेक्षा तेच सोपे आहे.

शशीआत्या, सकाळी ८.४३
फोनमधून अद्याप काही काढलेले नाही. अरविंद, दुपारी ये आणि तुझ्याच हाताने पुन्हा टाकून दे. एक्सएमपीला मात्र हात लावू नकोस.