लीदा बोरेल्ली: अभिनय की नुसत्या पोझ?

जुनं_रीळ:
'राप्सोदिया सतानिका' (1917) हा इटालियन मूकपट पाहिला. म्हातारी सरदारीण सैतानाशी करार करून तारुण्य परत मिळवते. अट एवढीच की प्रेमात पडायचं नाही. रंगवलेल्या फ्रेम्स अप्रतिम. पण नायिका लीदा बोरेल्ली काही पचनी पडेना. साधं खोलीत यायचं तरी आधी मान मागे, मग हात वर, मग डोळे मिटून उसासा. या बाईंसाठी तेव्हा अख्खी इटली वेडी होती म्हणे. का? आणि 1918 नंतर एकही सिनेमा कसा नाही?

विंगेतली:
मी हौशी रंगभूमीवर बरीच वर्षं कामं केली आहेत, तेव्हा माझा कल बाईंकडेच असणार, हे आधीच सांगते.

बोरेल्ली नाटकातली मोठी नटी होती. ऑस्कर वाइल्डची 'सालोमे' गाजवून मग ती 1913 मध्ये तोरिनोला (म्हणजे ट्यूरिनला) 'मा लामोर मिओ नॉन मुओरे'मधून पडद्यावर आली. तो सिनेमा आधी बघा. कॅमेरा लांब आणि जागचा न हलणारा, शॉट भलेमोठे, चेहऱ्याचे क्लोज-अप जवळपास नाहीतच. मग भाव दाखवायचा कशाने? पाठीने, मनगटाने, मानेने. त्यात मेकअपच्या खोलीतला तीन फळ्यांचा आरसा आहे. ती एका बाजूला वळते आणि आपल्याला तिची पाठ, चेहरा आणि मागून आत येणारा माणूस असं सगळं एकदम दिसतं. ही जागा तिने अचूक धरली आहे. शरीर एवढं ताब्यात असणं सोपं नसतं हो! आमच्याकडे दिग्दर्शक 'तिरकी उभी राहा' म्हणाला की निम्म्या जणी प्रेक्षकांकडे पाठ करून मोकळ्या होतात.

'राप्सोदिया'चं म्हणाल, तर त्याला ऑपेरावाल्या मास्कान्यीने खास संगीत लिहिलं होतं, प्रसंगाची लांबी मोजून. ते न लावता पाहिलात का? मग ती नुसतीच हात हलवताना दिसणार. शेवटी ती अंगावर ओढण्यांवर ओढण्या घेत चालत जाते, ते संगीतासकट पाहा आणि मग बोला.

तिरकस:
ताई, वकिली उत्तम. पण तेव्हाही सगळे वेडे नव्हते. ग्राम्शी, हो तोच, पुढे कम्युनिस्ट नेता झालेला, तोरिनोत नाट्यसमीक्षा लिहायचा. 1917 मध्ये 'अवांती' या समाजवादी वर्तमानपत्रात त्याने बाईंना चांगलंच सोलून काढलं. म्हणणं असं की ही स्वतःखेरीज दुसरं कुणी होऊच शकत नाही. मला पटतं. रंगभूमीवरची थोर नटी एलिओनोरा दूझेचा 1916 चा 'चेनेरे' पाहा. ग्रात्सिया देलेद्दाच्या कादंबरीवरचा, दूझेचा एकुलता एक सिनेमा. साठीला टेकलेली बाई, पिकलेले केस, बहुतेक वेळ अंधारात किंवा पाठमोरी. चेहरा लपवून जे जमलं, ते बोरेल्लीला शंभर ओढण्यांत जमलं नाही.

विंगेतली:
दूझेपुढे कोण टिकणार! पण 'चेनेरे' तेव्हा चालला नाही, हेही सांगा की. शिवाय प्रत्येक भूमिकेत स्वतःच दिसणं हा दोष असेल, तर जगातले निम्मे स्टार बाद करावे लागतील.

खाडीवरचा:
दुसऱ्या प्रश्नाचं कुणीच बोलेना, म्हणून. 1918 मध्ये तिने उद्योगपती विट्टोरियो चिनी याच्याशी लग्न केलं आणि रंगभूमी, सिनेमा दोन्ही सोडलं. पुन्हा कधीच आली नाही. पुढे 1943 मध्ये जर्मनांनी चिनीला डाखाऊच्या छळछावणीत नेलं. मुलगा जोर्जोने आईचे दागिने विकून लाच चारली आणि बापाला सोडवलं, असं सांगतात. तोच जोर्जो 1949 मध्ये फ्रान्समधल्या कान शहराजवळ विमान अपघातात गेला. व्हेनिसला सान जोर्जो मादजोरे बेटावर जे 'जोर्जो चिनी प्रतिष्ठान' आहे, ते बापाने त्याच्या नावाने काढलेलं. बाई 1959 मध्ये रोमला वारल्या. बोलोन्यात वृद्ध नटनट्यांसाठी त्यांच्या नावाचं निवासस्थान आहे.

जुनं_रीळ:
सगळ्यांचे आभार. मी पाहिलेल्या प्रतीवर कुणीतरी भलतंच पियानो चिकटवलं होतं! मास्कान्यीवाली शोधतो. ग्राम्शी मात्र अजून माझ्याच बाजूला आहे.

विंगेतली:
असू दे. आरशाचा प्रसंग बघून झाला की त्यालाही विचारा.